मागची भाकरी

१

खापरटेकचा माणूस बाहेरगावी गेला आणि कोणी विचारलं, "गाव कोणतं?" तर तो बिनदिक्कत सांगणार, "उंद्री." उंद्री शेजारची, मोठी, चार लोकांना ठाऊक असलेली, म्हणून नव्हे. लाज वाटते म्हणून. तुळशीराम तर या बाबतीत सगळ्यांच्या वर. खापरटेकच्या फाट्यावर बस थांबायची, तरी गडी कंडक्टरकडं उंद्रीचंच तिकीट मागायचा आणि तिथून उन्हातान्हात टेकाड तुडवत घरी यायचा.

लाज कशाची, तर मागच्या ताटाची.

खापरटेकात घरोघरी, रोज रात्री, सगळ्यांची जेवणं उरकली की एक ताट आणखी वाढतात. तव्यावरून सगळ्यात शेवटी उतरलेली भाकरी, चिमूटभर मीठ, आणि त्या दिवशी जे कालवण असेल ते. ताट बैठकीत, म्हणजे पुढच्या खोलीत, भिंतीशी ठेवायचं. शेजारी पाण्याचा गडवा. मग लाईट बंद करायची, माजघराचं दार ओढून घ्यायचं आणि घरच्या कर्त्या माणसानं दाराआडून म्हणायचं, "सावकाश होऊ द्या." पंगतीला म्हणतात ना, अगदी तसंच. थोड्या वेळानं बैठकीतून जेवल्याचे आवाज येतात. भाकरी मोडल्याचा, गडवा फरशीवर टेकवल्याचा. सकाळी पाहावं तर ताट धुऊन लख्ख आणि भिंतीशी पालथं घातलेलं.

आता कोण जेवतं, असं तुम्ही गावात विचारून पाहा. लोक सोयाबीनच्या भावाचं बोलायला लागतील. जन्मल्यापासून ऐकलेल्या आवाजाची कोणाला भीती वाटत नाही. उलट तो आल्याशिवाय पोरांना झोप लागत नाही. पथ्य एकच होतं, मागची भाकरी माणसाच्या ताटात पडू द्यायची नाही. पडली तर काय होतं हे कोणालाच माहीत नव्हतं, कारण इतका येडा माणूस गावात अजून निघाला नव्हता.

पण अशा गावात पोरगी देणारे नाहीत आणि इथली पोरगी करणारे तर त्याहून नाहीत. तुळशीरामची एकुलती एक लेक प्रेरणा. बुलढाण्याला एका दवाखान्यात नर्स, तिथंच खोली करून राहायची. पोरगी गुणाची, पगाराची, तरी तिची दोन स्थळं हातची गेली. "तुमच्याकडं रात्रीचं काही असते म्हणे," असं म्हणत पाहुण्यांनी चहाचे कप खाली ठेवले आणि चपला शोधायला लागले. तुळशीराम त्या दिवसापासून गावात मान खाली घालून चालायचा आणि गावाबाहेर गावाचं नाव घ्यायचा नाही.

२

तिसरं स्थळ आलं ऋत्विकचं. बुलढाण्याच्याच एका कॉलेजात प्रयोगशाळेत नोकरीला, बाप नाही, घरी आई. प्रेरणाचं आणि त्याचं फोनवर बोलणं आधीच चालू झालं होतं आणि तिला तो मनापासून आवडला होता.

"बाबा, त्याले सांगून टाका," ती आदल्या दिवशी म्हणाली होती. "नाहीतं मी सांगते."

"खबरदार! लग्न ठरू दे, मंग सांगू."

"मंग सांगणं म्हणजे फसवणं झालं."

"मोठी आली शहाणी! दोनदा तोंड पोळलं माझं, आता तुह्या हरिश्चंद्रपणापायी तिसऱ्यांदा पोळून घेऊ?"

मग तिनंही ऋत्विकला काही सांगितलं नाही. बापाला या गोष्टीची किती लाज वाटते हे तिला ठाऊक होतं.

ऋत्विक आणि त्याचा मामा पुंजाजी दुपारी गाडीनं आले. पोहे झाले, चहा झाला, पोरापोरीला गच्चीवर बोलायला पाठवलं. सगळं कसं सुतासारखं सरळ. निघताना गाडीनं मात्र दगा दिला. क्लच गेला होता. पुंजाजीनं उंद्रीच्या मेकॅनिकला फोन लावला, तर तो म्हणाला, आता दिवे लागले, सकाळी येतो.

जयमालानं नवऱ्याला चुलीपाशी बोलावलं. "शेजारच्या गोविंदाची जीप आहे. उंद्रीले सोडून द्या त्याइले. तिथून काईतरी भेटते बुलढाण्याले."

"अन् काय सांगू त्याइले? सोयरीक करायले आले, पण आमच्या घरी झोपू नका म्हणू?"

"बाहेरचं माणूस राती ठेवत नाही आपण."

"नाही ठेवत म्हणूनच बदनाम झालो!" तुळशीराम दातओठ खात हळूच ओरडला. "आज ताट ठेवूच नको बैठकीत. इथं ठेव, चुलीपाशी. एक दिवस इकडून तिकडं केलं तं काय आभाळ कोसळते?"

जेवणं माजघरात झाली. भरली वांगी, तुरीचं वरण, ठेचा आणि ज्वारीच्या भाकरी. ऋत्विक जेवणारा गडी निघाला. पोराचं खाणं पाहून तुळशीरामला बरं वाटत होतं, तो स्वतः उठून वाढत होता. पुंजाजीमामाही मागं नव्हता. "वहिनी, वांग्याले तं तोड नाही बापा! आमचा भाचा लाजते, तुमी वाढत राहा."

वाढता वाढता टोपल्याचा तळ लागला. जयमालाचा हात रिकाम्या टोपल्यात फिरला आणि ते नेमकं पुंजाजीनं पाहिलं.

"राहू द्या वहिनी," तो भला माणूस म्हणाला. "सरल्या वाटते भाकरी."

एवढंच बोलला. पण पाहुण्यानं आपल्या घरात भाकरी सरली म्हणावं, यापरीस मोठी बेअब्रू आमच्याकडं नाही. तुळशीरामच्या कानाच्या पाळ्या तापल्या. जयमाला "थांबा, टाकते दोन" म्हणत पिठाच्या डब्याकडं वळली, तोवर हा उठला होता. फळीवर फडक्याखाली मागच्या ताटासाठी राखलेली एक भाकरी होती. ती त्यानं उचलली.

"आवं," जयमाला म्हणाली. पुढं काही म्हणणार तर समोर पाहुणे.

ऋत्विकनं ताटावर दोन्ही हात आडवे धरले. "काका, पुरे. खरंच पुरे."

"लाजता काय जावईबापू!" तुळशीराम हसला. त्यानं पोराचं मनगट धरून हात प्रेमानं बाजूला केला आणि भाकरी ताटात टाकली. प्रेरणा दारात पाण्याचा तांब्या घेऊन उभी होती. तिनं ते पाहिलं. ऋत्विकनं मान राखायचा म्हणून ती भाकरी सगळी संपवली.

३

पाहुण्यांच्या गाद्या बैठकीत पडल्या. दुसरी जागा होती कुठं? मागची भाकरी तर गेली होती, म्हणून जयमालानं चुलीपाशी भाताचं ताट मांडलं आणि नवऱ्याकडं न बघता म्हणाली, "तुमी काय केलं, कळते का तुमाले?"

"एका भाकरीनं काय होते?"

"मले काय माहीत काय होते. कोणाले माहीत आहे?"

तुळशीरामनं माजघराचं दार ओढून घेतलं. रोजचे शब्द ओठावर आले, पण दारापलीकडं पाहुणे जागे होते, मोठ्यानं म्हणणार कसं? तो चुलीकडं तोंड करून पुटपुटला आणि आडवा झाला. बैठकीत पुंजाजीचं घोरणं सुरू झालं. तुळशीरामला त्या घोरण्याचा आधार वाटला. सकाळी मेकॅनिक येईल, सुपारी फुटेल, देवाची कृपा, असं म्हणत त्याचा डोळा लागत आला होता.

तेवढ्यात फरशीवरून ताट सरकवल्याचा आवाज आला. चुलीपाशी नव्हे, बैठकीत.

बैठकीत ताट नव्हतंच. त्यानं स्वतः पाहिलं होतं. मग त्याच्या मनानं त्याला समजावलं, की पुंजाजीनं पान खायचा डबा काढला असेल. पण पुंजाजी तर घोरत होता. मग ऋत्विक असेल. नवं घर, नवी जागा, झोप येत नसेल, मोबाईल पडला असेल. मोबाईल पडल्याचा आवाज असा येत नाही, हेही त्याला कळत होतं.

"नाही, आता खरंच नको," ऋत्विकचा आवाज आला. जरासा झोपेतला, हसरा. आपण पंगतीत बोलतो तसा.

तुळशीराम उठून बसला. ऋत्विक कोणाशी तरी बोलत होता. कोणाशी, ते ऐकू येत नव्हतं. ऋत्विक बोलायचा, थांबायचा, आणि पुन्हा बोलायचा. मधल्या वेळात फक्त भाकरी ताटात पडल्याचा आवाज यायचा.

"छान झालंय, पण पोट भरलंय हो. बस."

पट्.

"अहो, नको म्हणतोय ना."

पट्.

स्वप्नात बडबडतंय पोरगं, तुळशीरामनं ठरवलं. जास्त जेवल्यावर माणूस बडबडतो. आणि समजा स्वप्न नसेल, तरी पाहुणा नको नको म्हणतोच की! नको म्हणणं हा पाहुण्याचा धर्म आणि वाढणं हा यजमानाचा. त्यात कोणी कोणाला मारलं का? असा हिशेब करत तो अंधारात बसून राहिला.

उठून दार उघडावं, एवढंच काम होतं. पण दार उघडलं तर पुंजाजी जागा होणार, लाईट लागणार, आणि जे काय बैठकीत होतं ते सगळ्यांना दिसणार. मग पुन्हा कप खाली, पुन्हा चपला. सकाळ होईस्तोवर निभलं, तर कोणाला काही कळायचं नाही. तो हेच मनात घोळवत होता, आणि आपण हे घोळवतोय याची त्याला शरमही वाटत होती. तरी तो उठला नाही.

बाहेर ऋत्विकचं हसणं थांबलं होतं.

"पुरे," तो म्हणाला. तोंडात घास असल्यासारखा. "पुरे. पुरे. आई गं, पुरे."

४

"बाबा."

प्रेरणा अंथरुणावर बसली होती. किती वेळ जागी होती कोण जाणे.

"झोप तू."

"बाबा, तो नको म्हणून राह्यला."

"पाहुणे म्हणतातच तसं."

"तो रडून राह्यला, बाबा."

ती दाराशी पोचली तसा तुळशीराम मागून धावला आणि त्यानं तिचं मनगट धरलं. तिनं दुसऱ्या हातानं कडी सरकवली होती. दार वीतभर उघडलं.

खिडकीतून रस्त्यावरच्या दिव्याचा उजेड बैठकीत येत होता. पुंजाजी तोंड उघडं टाकून झोपला होता. त्याच्या पलीकडं, भिंतीशी, रोज ताट ठेवतात त्या जागी ऋत्विक मांडी घालून बसला होता. पुढ्यात ताट होतं आणि ते शिगोशीग भरलेलं होतं. त्याचे गाल फुगले होते, डोळ्यांतून पाणी गळत होतं, आणि दोन्ही हात त्यानं ताटावर आडवे धरले होते. तुळशीरामच्या देखत त्यातला एक हात मनगटापासून वर उचलला गेला आणि प्रेमानं बाजूला ठेवला गेला. तिथं कोणी नव्हतं.

भिंतीवर मात्र सावली होती. ऋत्विकची, आणि तिच्या शेजारी वाढायला वाकलेली दुसरी. ती वाकली होती आणि अजून वाकत होती. कमरेतून वाकणारं माणूस जिथं थांबतं तिथं ती थांबली नाही. तिचं तोंड त्याच्या तोंडाच्या पातळीला आलं.

ऋत्विकनं दाराकडं पाहिलं. फटीत उभा असलेला तुळशीराम त्याला दिसला. तोंड भरलेलं होतं, बोलता येत नव्हतं, पण पोराच्या डोळ्यांत सुटल्याचा केवढा आनंद आला! कोणी तरी आलं, असं त्याला वाटलं.

तुळशीरामनं दार लावलं. बिजागरी कुरकुरू नये म्हणून जरा वर उचलून, हलकेच, जसं तान्हं पोर झोपलं असताना लावतात. मग पाठ लावून तो दाराशी बसला आणि प्रेरणाचं मनगट त्यानं उजाडेपर्यंत सोडलं नाही. ती ओरडली नाही याचं कारण तिच्या तोंडावर त्याचा दुसरा हात होता.

५

सकाळी ऋत्विक अंगणात उन्हाला बसलेला दिसला. तोंड धुतलेलं, भांग पाडलेला. बैठकीत त्याच्या उशाशी एक ताट पालथं होतं, लख्ख. चुलीपाशी भाताच्या ताटाला मुंग्या लागल्या होत्या.

"काय झोप लागली तुमच्या गावात!" पुंजाजीनं आळस दिला. "तुळशीरामभाऊ, आता आडपडदा कायले ठेवायचा? पोरगी आमाले पसंत आहे. काऊन बे ऋत्विक?"

ऋत्विकनं मान डोलावली. जयमालानं त्याच्यापुढं चहा धरला, तर तो मागं सरकला आणि ओशाळून म्हणाला, "नको मावशी. खरंच नको." जयमालानं कप तसाच धरून ठेवला.

मेकॅनिक येऊन गाडी नीट करून गेला. पुंजाजी मागं सामान लावत असताना ऋत्विक तुळशीरामजवळ आला. इकडंतिकडं बघून, आपलीच काही चूक असावी तसं, हळू विचारलं, "काका, रात्री दारात तुम्ही होतात का?"

हाच तो क्षण होता. हो म्हणायचं, पाय धरायचे, जे ठाऊक आहे ते सांगायचं. पोरगं तसं भलं होतं, त्यानं ऐकून घेतलं असतं.

"मी?" तुळशीराम म्हणाला. "नाही बा. मी तं पडलो तसा सकाळीच उठलो."

"मग बरं," ऋत्विक म्हणाला. "मला वाटलं, कोणी पाहिलं आणि..." त्यानं वाक्य पुरं केलं नाही.

"जागे होते ते," मागून प्रेरणा म्हणाली. खांद्याला पिशवी, मनगटावर बापाच्या बोटांचे काळेनिळे वळ. "मीबी जागी होती. सगळं सांगते तुले. मलेही बुलढाण्याले जायचंच आहे."

तुळशीरामकडं तिनं पाहिलंसुद्धा नाही. ती गाडीत ऋत्विकशेजारी बसली. "आत्तापासूनच गुजगोष्टी!" म्हणून पुंजाजी खदखदून हसला, आणि गाडी टेकाड उतरून गेली.

६

त्या रात्री जयमालानं नेमानं मागचं ताट बैठकीत ठेवलं. सकाळी भाकरी होती तशीच होती, कडक झालेली. दुसऱ्या रात्रीही तेच. मग रोजच.

गावात बातमी पसरायला काय वेळ लागतो? "सुटला लेका तू!" गोविंदा पाठीवर थाप मारून म्हणाला. "कसं काय केलं, आमालेही सांग." तुळशीराम शेताच्या बांधावर जाऊन बसला आणि जन्मात पहिल्यांदा त्याला गावाची नव्हे, स्वतःची लाज वाटली. ती गावाच्या लाजेसारखी नव्हती. तिला उंद्रीचं नाव सांगून टाळता येत नव्हतं.

लग्न झालं. महिनाभरातच, बुलढाण्याला, साध्या पद्धतीनं. प्रेरणानं सगळं सांगितल्यावरही ऋत्विक तिलाच करतो म्हणाला, आणि तिनंही माघार घेतली नाही. पंगतीत नवरदेव ताटापुढं हात मांडीवर ठेवून बसला होता. चेहरा सुजला होता, शर्टाची बटणं पोटावर ताणली होती. लोक म्हणाले, लग्नाचं तेज आलं. तुळशीराम वाढायला त्याच्यापर्यंत पोचला आणि तसाच मागं फिरला.

म्हणजे पाहा, जे जे त्यानं मागितलं ते सगळं त्याला मिळालं. पोरगी चांगल्या घरी पडली, घरातलं मागचं ताट सुटलं, पाहुण्यांना राहा म्हणायला आता भीती नव्हती.

प्रेरणा बापाशी बोलायची नाही. आईला फोन करायची, आणि जयमाला जेवढं सांगेल तेवढं तुळशीरामला कळायचं. रोज रात्री ते वाढणारं आता तिथं येते. प्रेरणा दार सताड उघडं ठेवून ऋत्विकला चिकटून बसते, त्याचे हात ताटावर आपल्या हातांनी दाबून धरते आणि मोठ्यानं म्हणते, "पुरे म्हणते तो, ऐकू येत नाही काय?" असं कोणी जवळ बसून म्हटलं, तं ते लवकर उठून जाते. पूर्ण जात नाही, पण लवकर उठते.

"एवढंच?" तुळशीरामनं विचारलं.

"एवढंच," जयमाला म्हणाली. "जवळ जाऊन पुरे म्हणायचं."

त्या दिवसापासून तुळशीराम रात्री बैठकीतच बसायला लागला. भिंतीशी, ताटापुढं, मांडी घालून. लाईट बंद करायचा आणि अंधाराला म्हणायचा, "मी इथं आहो. मले वाढा. त्या पोराले सोडा, माहे हात पाहा, मी आडवे धरत नाही." शेजारी गोविंदाच्या घरातून गडवा टेकवल्याचा आवाज यायचा. त्याच्याकडं कोणी येत नव्हतं. सकाळी तो ती कडक भाकरी स्वतः चावून खायचा आणि शेतात जायचा.

शेवटी त्यानं जयमालाच्या फोनवरून लेकीला फोन लावला. आईचा समजून तिनं उचलला.

"प्रेरू, ठेवू नको," तो घाईनं म्हणाला. "ऋत्विकरावाले एक रात्र इकडं घेऊन ये. फक्त एक. ते इथलं आहे, इथं आलं तं मी त्याच्या जागी बसतो. मी पाया पडतो त्याच्या, सगळ्या गावासमोर पडतो. आण त्याले."



"मी म्हटलं होतं त्याले," ती म्हणाली. आवाजात राग नव्हता, थकवा होता. "एकडाव चालून पाहू म्हटलं. तो नाही म्हणते, बाबा. वाढणाऱ्याचं आता एवढं भेव नाही वाटत म्हणते, सवय झाली. पण तुमच्या घरात ते दार आहे. मी वाचलो वाटलं होतं, अन् ते बंद झालं, म्हणते. काहीही कर, पण मले त्या दारासमोर बसवू नको, म्हणते."

"हाव," तुळशीराम म्हणाला.

पलीकडून फोन ठेवल्याचं त्याला कळलं होतं. तरी तो कानाला तसाच धरून "हाव, हाव" म्हणत राहिला, आणि जयमालानं त्याच्या हातातून फोन काढून घेतला.